रस्त्याला डोळे देणारा कारागीर

पावसाळ्यात रात्रीच्या वेळी एस.टी.ने घाट उतरण्याचा प्रसंग तुमच्यापैकी पुष्कळांवर आला असेल. एका अंगाला डोंगराचा कडा, दुसऱ्या अंगाला दरी आणि पुढे पिंजलेल्या कापसासारखे दाट धुके. गाडीच्या दिव्यांचा झोत त्या धुक्यात थोड्याच अंतरावर विरून जातो. गाडीतले उतारू बोलायचे थांबतात आणि सर्वांचे डोळे चालकाच्या पाठीकडे लागतात. आमच्या लहानपणी अशा वाटांवर कडेला चुना फासलेले दगड असत. चालकाला तेवढाच आधार. आता अनेक मोठ्या रस्त्यांवर मधोमध आणि कडेने लहान लहान तेजस्वी ठिपके ओळीने बसविलेले दिसतात. गाडीचा उजेड पडताच ते एकामागून एक उजळतात, आणि गाडी पुढे गेली की पुन्हा काळोखात बुडून जातात. त्यांतील बहुतेकांना ना तार असते, ना तेल लागते, ना कोणी त्यांना संध्याकाळी पेटवायला येतो.

या ठिपक्यांना पहिले टिकाऊ रूप ज्याने दिले, तो कोणी मोठा शास्त्रज्ञ नव्हता. कोणत्याही विद्यापीठाची पायरी तो चढला नव्हता. तो इंग्लंडातील एका गिरणगावात राहणारा, डांबराचे रस्ते करून देणारा एक साधा कारागीर होता. त्याचे नाव पर्सी शॉ.

इंग्लंडच्या उत्तर भागात यॉर्कशर नावाचा प्रांत आहे. तेथील डोंगराळ मुलखात हॅलिफॅक्स हे शहर वसले आहे. लोकर कातणे, कापड विणणे, गालिचे तयार करणे हा या शहराचा जुना धंदा. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तेथे गिरण्यांच्या उंच धुराड्यांची दाटी झाली होती. दगडी घरे काजळीने काळी पडली होती आणि थंडीच्या दिवसांत डोंगरावरचे धुके व दगडी कोळशाचा धूर एकमेकांत मिसळून भरदुपारीही अंधारल्यासारखे होई. अशा या शहरात १५ एप्रिल १८९० रोजी पर्सीचा जन्म झाला. त्याचे वडील जेम्स शॉ हे रंगाऱ्याच्या कारखान्यात मजुरी करीत. घरात खाणारी तोंडे पुष्कळ आणि मिळकत बेताची. पर्सी दोन वर्षांचा असताना हे कुटुंब शहराच्या बूथटाउन या भागातील एका जुन्या, प्रशस्त घरात राहावयास गेले. बूथटाउन मॅन्शन असे त्या घराचे भारदस्त नाव होते. मात्र नावावरून तेथे थाटमाट असेल अशी समजूत कोणी करून घेऊ नये. या घराशी पर्सीचे नाते असे जडले, की ते पुढे जन्मभर सुटले नाही.

गावातल्या शाळेत पर्सीचे शिक्षण झाले आणि तेराव्या वर्षी ते संपलेही. तुमच्याच वयाचा तो मुलगा ब्लँकेटे विणणाऱ्या गिरणीत कामाला जाऊ लागला. सूत गुंडाळलेल्या कांड्या एका खात्यातून उचलायच्या आणि विणकरांच्या मागांपर्यंत पोचवायच्या, हे त्याचे काम. दिवसभर अशी धावाधाव केल्यावर संध्याकाळी अंग टाकून द्यावे असे कोणालाही वाटेल. पर्सी मात्र रात्रशाळेत जाऊन लघुलेखन आणि जमाखर्च शिकला. त्या विद्येवर त्याला कारकुनी मिळाली, परंतु पगार इतका तुटपुंजा होता की त्याने ती सोडून दिली. पुढे तो तार ओढण्याच्या कारखान्यात उमेदवारीला राहिला. तेथून निघून त्याने निरनिराळ्या यंत्रशाळांतून जोडकाम, बॉयलरचे काम, हत्यारे व यंत्रे घडविण्याचे काम अशी नाना प्रकारची कामे केली. एका ठिकाणी स्थिर न राहणाऱ्या मुलाला आपण धरसोड्या म्हणतो. पर्सीलाही तसे म्हणणारे त्या वेळी कोणी असतीलच. परंतु लोखंड कसे वाकते, कशाने झिजते, कोठे तडकते हे ज्ञान त्याच्या हातांत उतरले, ते या भटकंतीतच.

पुढे वडिलांबरोबर त्याने घरच्या घरी लहानसा धंदा मांडला. बिघडलेली छोटी यंत्रे दुरुस्त करून देणे हे त्या धंद्याचे स्वरूप. १९१४ साली पहिले महायुद्ध सुरू झाले, तेव्हा काडतुसांची नळकांडी आणि तारेच्या वस्तू यांना मोठी मागणी आली व बापलेकांचा धंदा भरभराटीस आला. १९२९ साली वडील वारले. त्यानंतर शॉ यांनी नवाच व्यवसाय हाती घेतला. लोकांच्या घरांपुढील वाटा, बागांतील रस्ते, अंगणे हे सर्व डांबर घालून पक्के करून द्यावयाचे. अशा अरुंद जागी मोठा रोडरोलर शिरत नसे. तेव्हा शॉ यांनी जुन्या मोटारीचे एंजिन वापरून स्वतःच एक छोटा रोलर तयार केला. अडचण दिसली की तिच्यावर कोणाकडे तोडगा मागावयास न जाता आपल्या कोठारातील मोडके सामान धुंडाळावयाचे, ही त्यांची रीतच होती.

आता त्या काळच्या रस्त्यांची स्थिती थोडी ध्यानात घेतली पाहिजे. मोटारींची संख्या झपाट्याने वाढत होती, परंतु रस्ते घोडागाडीच्या जमान्यातलेच होते. वळणे आकस्मिक, दिवे फक्त शहरापुरते, आणि शहराबाहेर मिट्ट काळोख. १९३४ या एका वर्षात ब्रिटनमधील रस्त्यांवर सात हजारांहून अधिक माणसे अपघातात मृत्यू पावली. जखमी झालेल्यांची संख्या दोन लाखांच्या वर होती. आजच्या मानाने त्या वेळी तेथे मोटारी फारच थोड्या होत्या, हे लक्षात घेतले म्हणजे या आकड्यांची भीषणता कळते.

शॉ यांचे येणे-जाणे हॅलिफॅक्स आणि क्वीन्सबरी या गावांच्या दरम्यानच्या रस्त्यावरून नेहमी होई. हा रस्ता डोंगरावरून खाली उतरतो. त्यावर कडाही आहे आणि वळणेही. १९३३ साली एका धुक्याच्या रात्री शॉ आपली मोटार हाकीत या उतारावरून घराकडे निघाले होते आणि तेव्हाच त्यांना आपल्या शोधाची कल्पना सुचली, असे सांगतात. ती नेमकी कशी सुचली याच्या मात्र एक सोडून तीन कथा प्रचलित आहेत.

पहिली कथा मांजराची. धुक्यात रस्ता कोठे आहे आणि दरी कोठे आहे हे कळेनासे झाले. तेवढ्यात कडेच्या कुंपणावर बसलेल्या एका मांजराचे डोळे मोटारीच्या उजेडात चमकले. शॉ यांनी गाडी थांबविली आणि पाहतात तो काय, आपण रस्त्याच्या चुकीच्या बाजूला, थेट कड्याच्या रोखाने चाललो होतो! दुसरी कथा ट्रॅमच्या रुळांची आहे. रस्त्याच्या मध्ये बसविलेले हे रूळ चाकांच्या घर्षणाने गुळगुळीत व चकचकीत होत. रात्री मोटारीचे दिवे त्यांवर पडले की दोन उजळ रेघा पुढे पळताना दिसत, आणि चालक त्यांच्या आधाराने आपली जागा राखीत. शॉ यांचा कारखाना पाहावयास येणाऱ्या शाळकरी मुलांना पुढे हीच हकीकत सांगितली जात असे. तिसरी कथा शॉ यांनी स्वतः १९६८ साली दूरचित्रवाणीवरील एका मुलाखतीत सांगितली. रस्त्यावरील एका सूचनाफलकावर चमकणारी भिंगे बसविलेली होती. धुक्यात ती पाहून त्यांच्या मनात आले, की हीच भिंगे फलकावरून काढून खाली रस्त्यावर बसविली तर?

या तिन्हींपैकी मांजराची गोष्ट सर्वांत गोड आहे आणि म्हणून तीच सर्वत्र पसरली. मला स्वतःला फलकाची हकीकत अधिक विश्वसनीय वाटते. एक तर ती त्यांच्या तोंडची आहे. शिवाय भिंगे बसविलेले असे फलक त्या काळी खरोखरच होते. हेरफर्डशरमधील रिचर्ड हॉलिन्स मरे नावाच्या एका हिशेबनिसाने प्रकाश परतविणाऱ्या भिंगाचे पेटंट १९२७ सालीच घेतलेले होते, आणि शॉ यांनी त्या भिंगाचा आपल्या कामी उपयोग करून घेतला. म्हणजे चमकणारे भिंग हा काही शॉ यांचा शोध नव्हे. मग त्यांचे कर्तृत्व ते कोणते? ते समजण्यासाठी आधी मांजराच्या डोळ्याकडे वळावे लागेल.

अंधारात मांजराच्या, गाईच्या किंवा म्हशीच्या तोंडावर विजेरीचा झोत टाकला तर तिचे डोळे निखाऱ्यासारखे चमकतात, हे तुम्ही पाहिले असेल. त्या डोळ्यांत स्वतःचा उजेड मुळीच नसतो. डोळ्याच्या आत, दृष्टिपटलाच्या मागे, आरशासारखा एक चमकदार पडदा असतो. बाहेरून आलेला प्रकाश दृष्टिपटलातून जाऊन या पडद्यावर आदळतो आणि आल्या वाटेने परत फिरतो. मांजराला त्याचा फायदा असा, की तोच प्रकाश दोनदा उपयोगी पडून तिला अंधूक उजेडातही दिसते. माणसाच्या डोळ्यात असा पडदा नाही. साध्या आरशावर प्रकाश तिरका पडला तर तो दुसऱ्याच दिशेला निघून जातो. परंतु समोर भिंग आणि मागे आरसा अशी योजना केली, तर प्रकाश ज्या दिशेने आला त्याच दिशेला माघारी जातो. त्यामुळे मोटारीच्या दिव्यांतून निघालेला किरण पुन्हा मोटारीकडेच, म्हणजे चालकाच्या डोळ्यांकडे येतो. रस्त्याकडेला उभ्या असलेल्या माणसाला ते भिंग निस्तेज दिसेल आणि चालकाला मात्र तेच दिव्यासारखे लखलखीत दिसेल.

कल्पना म्हणून हे सर्व सोपे आहे. खरी अडचण पुढेच होती. फलकावरच्या भिंगाला कोणी हात लावत नाही, पण रस्त्यावरच्या भिंगावरून दिवसाकाठी शेकडो चाके जाणार. मालाने भरलेली ट्रक गेली की काचेचा चुरा होणार. ती फुटली नाही असे धरले, तरी चिखल, धूळ आणि डांबराचा राप बसून ती चार दिवसांत आंधळी होणार. हजारो भिंगे रोज पुसावयास माणसे कोठून आणावयाची? रस्ते बांधण्याचा धंदा असल्यामुळे शॉ यांना या गोष्टी कोणी समजावून सांगण्याची गरज नव्हती. त्यांनी आपल्या घरी प्रयोग आरंभिले. वर्षभर त्यांचा खटाटोप चालला होता.

त्यातून जी वस्तू सिद्ध झाली, तिची रचना अशी. बिडाची म्हणजे ओतीव लोखंडाची एक जड, मजबूत बैठक तयार करून ती रस्त्यात खणलेल्या खळग्यात पक्की बसवावयाची. तिच्या पोटात रबराचा एक जाड गोळा. त्या गोळ्यात काचेची चार भिंगे, दोन या दिशेला तोंड करून आणि दोन त्या दिशेला. प्रत्येक भिंगाच्या मागे आरशासारखे परावर्तक अस्तर. हा रबरी गोळा रस्त्याच्या पातळीपेक्षा किंचित वर येई. त्यावर चाक आले की रबर दबे, भिंगे खाली बिडाच्या आडोशाला जात, आणि सर्व भार बिडाच्या कडांवर पडे. चाक पुढे सरकले की रबर पुन्हा वर उसळे.

याहूनही नामी युक्ती पुढे आहे. भिंगे खाली जाताना त्यांच्यासमोरील रबराची कड काचेवरून घासली जाई, आणि डोळ्याची पापणी मिटावी तशी ती काच पुसली जाई. बिडाच्या बैठकीत एक पोकळी ठेवलेली होती. तीत पावसाचे पाणी साठे, आणि रबर दबताना तेच पाणी काचेवर येऊन ती धुऊन निघे. यॉर्कशरमध्ये पावसाची वाण कधीच नसते. म्हणजे ज्या वाहनांमुळे काच मळावयाची, त्याच वाहनांच्या भाराने ती स्वच्छ होऊ लागली. रहदारी जितकी अधिक, तितके हे डोळे अधिक निर्मळ. उजेडही गाडीचाच आणि पुसण्याची शक्तीही गाडीचीच. रस्त्याच्या मालकाला त्यासाठी रोजचा खर्च कसलाच नाही. भिंगे झिजली तर नुसता रबरी गोळा काढून दुसरा बसविता येई. बैठक उखडावी लागत नसे. शॉ यांचे खरे कर्तृत्व या पापणीत आहे, असे मी समजतो. डोळा मरे यांचा असेल, पण त्याला पापणी दिली ती शॉ यांनी.

१९३४ साली शॉ यांनी आपल्या शोधाचे पेटंट घेतले. ब्रॅडफर्ड शहराजवळ ड्रिग्लिंग्टन येथे एक चौक होता. अपघातांबद्दल तो पंचक्रोशीत कुप्रसिद्ध होता. तेथे शॉ यांनी स्वतःच्या खर्चाने आपले पन्नास डोळे बसविले. रात्री चौकाकडे येणाऱ्या चालकांना रस्ता जणू आखून दिल्यासारखा दिसू लागला. १९३५ च्या मार्च महिन्यात त्यांनी हॅलिफॅक्स येथे रिफ्लेक्टिंग रोडस्टड्स लिमिटेड ही कंपनी स्थापन केली. वस्तूचे नाव त्यांनी मांजराच्या डोळ्यावरूनच कॅट्‌सआय असे ठेवले आणि तेच लोकांच्या जिभेवर बसले.

पण वस्तू चांगली असली म्हणजे ती लगेच खपते, असे थोडेच आहे? रस्ते सरकारी आणि नगरपालिकांचे. तेथील अधिकारी सावध. रस्त्याच्या मध्यावर लोखंड आणि काच पुरावयाची, हे ऐकूनच पुष्कळांच्या कपाळाला आठ्या पडत. पहिल्या दोन-तीन वर्षांत मागणी फारच मंद होती. शिवाय इतर कारखानदारांनीही आपापले परावर्तक पुढे आणले होते. अखेर १९३७ साली ब्रिटिश सरकारच्या वाहतूक खात्याने परीक्षाच घ्यावयाचे ठरविले. निरनिराळ्या कारखान्यांचे परावर्तक एका रस्त्यावर बसविण्यात आले आणि त्यांवरून नेहमीची रहदारी चालू ठेवण्यात आली. पाऊस, थंडी, बर्फ आणि चाके हेच येथे परीक्षक. दोन वर्षांनी पाहणी झाली तेव्हा बाकीचे निकामी झालेले आढळले. शॉ यांचे तेवढे शाबूत होते. गिरण्यांतून आणि यंत्रशाळांतून हिंडून जे ज्ञान त्यांनी मिळविले होते, ते येथे कामास आले.

तेवढ्यात, सप्टेंबर १९३९ मध्ये, दुसरे महायुद्ध पेटले. शत्रूच्या विमानांना रात्री शहरे दिसू नयेत म्हणून ब्रिटनमध्ये सक्तीचा काळोख पाळण्यात येऊ लागला. रस्त्यांवरील दिवे बंद झाले. घरांच्या खिडक्यांना काळे पडदे लागले. मोटारींच्या दिव्यांवर झाकणे बसवावी लागली आणि त्यांच्या फटींतून जेमतेम एक क्षीण झोत खाली रस्त्यावर पडे. वाटेच्या कडा आणि झाडांचे बुंधे यांना पांढरे पट्टे मारण्यात आले, तरी अपघातांना आळा बसेना. पेट्रोल मोजून मिळत असल्यामुळे रस्त्यावरील मोटारी कमी झाल्या होत्या. असे असूनही १९४१ साली ब्रिटनमध्ये नऊ हजारांहून अधिक माणसे रस्त्यावर प्राणास मुकली. बाँबपासून वाचण्यासाठी केलेला काळोखच आता माणसांचे बळी घेत होता.

या काळात शॉ यांच्या डोळ्यांचे मोल सर्वांना पटले. त्यांना स्वतःचा उजेड नसल्याने आकाशातून ते दिसण्याची भीती नव्हती. झाकलेल्या दिव्याचा जो काही मिणमिणता प्रकाश रस्त्यावर पडे, तोच ते चालकाकडे परत पाठवीत. सरकारी मागण्या येऊ लागल्या. युद्ध संपल्यावर वाहतूक खात्याने हे परावर्तक देशभर बसविण्याचे काम जोमाने हाती घेतले. त्यात पुढाकार घेणारे तेव्हाचे तरुण उपमंत्री जेम्स कॅलॅहन हे पुढे ब्रिटनचे पंतप्रधान झाले.

बूथटाउनचा कारखाना वाढत वाढत जवळजवळ वीस एकरांवर पसरला. तेथेच बीड ओतावयाचे, तेथेच रबर साच्यातून काढावयाचे. भरभराटीच्या काळात वर्षाला दहा लाखांहून अधिक डोळे या कारखान्यातून बाहेर पडत आणि देशोदेशी जात. कारखाना वाढविताना एक सिकॅमोरचे झाड आड आले. लहानपणी पर्सी त्या झाडावर खेळला होता. झाड तोडावयास त्यांनी साफ नकार दिला, आणि इमारत झाडाभोवती बांधून घेतली, असे सांगतात.

एवढी संपत्ती मिळाली तरी शॉ यांचे राहणे बदलले नाही. लग्न त्यांनी केले नाही. बूथटाउन मॅन्शनमध्ये ते एकटेच राहत. घरात गालिचे नव्हते, खिडक्यांना पडदे नव्हते. गालिच्यांच्या गावातला हा धनिक उघड्या फरशीवर समाधानाने वावरे. दोन गोष्टींचा मात्र त्यांना शौक होता. एक, रोल्स-रॉइस ही भारी मोटार. दुसरा शौक पाहून पाहुणे चकित होत. त्यांच्या बैठकीच्या खोलीत दूरचित्रवाणीचे अनेक संच एकाच वेळी चालू असत, प्रत्येकावर निराळा कार्यक्रम आणि आवाज मात्र बंद! जुने मित्र येत, गप्पा रंगत आणि ती मूक चित्रे हलत राहत. १९६५ साली ब्रिटनच्या राणीने त्यांना ओ.बी.ई. हा किताब देऊन गौरविले.

शॉ यांच्या मूळ कल्पनेला नंतर अनेक फांद्या फुटल्या. ब्रिटनच्या द्रुतमार्गांवर हे डोळे रंगीत झाले. रस्त्याचे पट्टे वेगळे दाखवावयास पांढरे, डाव्या कडेला तांबडे, मधल्या दुभाजकाच्या बाजूला पिवळसर, आणि जेथे दुसरा रस्ता येऊन मिळतो किंवा फुटतो तेथे हिरवे. तेथेही आपल्यासारखेच डाव्या बाजूने वाहने हाकतात, म्हणून ही मांडणी आपल्याला समजावयास सोपी जाते. आपल्याकडील रस्त्यांवर बहुधा दिसतात ते ठोकळे प्लॅस्टिकचे असून रस्त्याच्या पृष्ठावर चिकटविलेले असतात. त्यांत रबराची पापणी नाही, त्यामुळे धूळ बसली की ते मंदावतात. अलीकडे तर असे परावर्तक निघाले आहेत, की ज्यांना उजेड आणि अंधार यांतला भेद कळतो. दिवसा त्यांतील लहानशी सौरपट्टी उन्हातून वीज साठवते. सांज झाली, आसपासचा प्रकाश ठराविक मर्यादेखाली गेला, की आतील संवेदक ते ओळखतो आणि बारीक दिवा आपोआप लागतो. पहाटे तो आपोआपच विझतो. मोटारीच्या दिव्यांचा झोत जेथवर पोचत नाही, त्याही पलीकडचे वळण अशा दिव्यांमुळे चालकाला आधीच दिसते. शॉ यांच्या डोळ्याला गाडी जवळ येईपर्यंत वाट पाहावी लागे. याला ती लागत नाही. मात्र यात वीज साठविण्याचे साधन आले, म्हणजे ते कधीतरी जुने होऊन बदलावे लागणे आलेच. बिडाच्या आणि रबराच्या त्या जुन्या डोळ्याला ही काळजी नव्हती.

वृद्धापकाळी शॉ यांना हृदयविकाराने आणि कर्करोगाने ग्रासले. १ सप्टेंबर १९७६ रोजी, वयाच्या ८६ व्या वर्षी, त्यांचे देहावसान झाले. आयुष्याची पहिली दोन वर्षे सोडली तर बाकीची सर्व ते बूथटाउन मॅन्शनमध्येच राहिले होते, आणि मृत्यूही त्यांना त्याच घरात आला.